वाचवलेला वेळ कुणाच्या खात्यावर?

शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात ऊर्जा अक्षय्यतेचा नियम आपण सगळ्यांनीच घोकलेला असतो: ऊर्जा निर्माण करता येत नाही, नष्टही करता येत नाही. त्याच चालीवर एक काल्पनिक नियम मांडून पाहू. वेळ निर्माण करता येत नाही, नष्टही करता येत नाही. तो फक्त एकाच्या हातून दुसऱ्याच्या हाती जातो. म्हणजे द्रुतगती मार्गाने कुणी पुण्याला अर्धा तास लवकर पोचला, की त्याच दिवशी दुसरा कुणी तरी पनवेलच्या सिग्नलला अर्धा तास जास्त उभा राहणार. जमा तेवढी नावे, शेवटी बाकी शून्य.

असा नियम भौतिकशास्त्रात नाही. तरी ऐकल्या ऐकल्या तो पटतो, निदान पनवेलला अडकलेल्याला तरी. म्हणून त्याची कसोटी लावून पाहायला हरकत नाही, आणि तशी कसोटी नकळत होऊनही गेली आहे.

ऑक्टोबर 1971 मध्ये जोसेफ हाफेल आणि रिचर्ड कीटिंग या दोघा अमेरिकी शास्त्रज्ञांनी चार सीझियम आण्विक घड्याळं साध्या प्रवासी विमानांतून जगभर फिरवून आणली. एक फेरी पूर्वेच्या दिशेने, दुसरी पश्चिमेच्या. घड्याळांना स्वतःची आसनं होती आणि तिकीट ‘मिस्टर क्लॉक’ या नावाने काढलेलं होतं. परत आल्यावर ती वॉशिंग्टनच्या नौदल वेधशाळेतल्या घड्याळांशी ताडून पाहिली. पूर्वेकडे गेलेली सरासरी 59 नॅनोसेकंद मागे पडली होती, पश्चिमेकडे गेलेली 273 नॅनोसेकंद पुढे गेली होती. आइनस्टाइनच्या गणिताशी हे आकडे जुळत होते. उंचावर गुरुत्वाकर्षण किंचित कमी, म्हणून घड्याळ जलद चालतं. वेगामुळे ते मंदावतं. पूर्वेकडे उडताना विमानाचा वेग पृथ्वीच्या फिरण्यात मिळतो आणि मंदावण्याची बाजू वरचढ ठरते. पश्चिमेकडे तो त्यातून वजा होतो.

आता आपला नियम इथे लावा. 273 जमा, 59 नावे. 214 नॅनोसेकंद वर उरतात. ते कुणी दिले? वॉशिंग्टनच्या घड्याळांना काही सोसावं लागलं नाही, विमानातल्या प्रवाशांनाही नाही. हिशेब जुळत नाही, कारण असा हिशेब ठेवणारं निसर्गात कुणी नाहीच. जीपीएसच्या उपग्रहांतली घड्याळं याच कारणाने जमिनीवरच्यांपेक्षा दिवसाला सुमारे 38 मायक्रोसेकंद पुढे जातील, म्हणून त्यांची गती आधीच जराशी कमी ठेवलेली असते. पण त्या 38 मायक्रोसेकंदांची वसुली कुणाकडून होत नाही.

मग ऊर्जेचाच हिशेब का जुळतो? याचं उत्तर एमी नोथर या जर्मन गणितज्ञ बाईंनी 1918 मध्ये दिलं. हिल्बर्ट आणि क्लाइन या गणितज्ञांनी त्यांना गटिंगेनला बोलावलं होतं, पण स्त्री म्हणून विद्यापीठात जागा मिळेना. त्यांची व्याख्यानं हिल्बर्टच्या नावाने जाहीर होत, तीही बिनपगारी. त्यांनी दाखवलं ते असं: निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत आणि उद्याही राहतील, एवढ्या एका गोष्टीतूनच ऊर्जा अक्षय्य ठरते. म्हणजे वेळ हा त्या खतावणीतला आकडा नव्हे, ज्या कागदावर ती लिहायची तो कागद आहे. आणि कागदच ताणला गेला तर? विश्व प्रसरण पावतं तसा प्राचीन प्रकाश क्षीण होत जातो. सुमारे 3000 केल्विन तापमानाला मोकळं झालेलं प्रारण आज 2.7 केल्विनवर आलं आहे. ती ऊर्जा कुठे गेली, असं विचारलं तर तज्ज्ञ सांगतात की विश्वाच्या पातळीवर तो प्रश्न नीट मांडताच येत नाही. मला हे शाळेतल्या नियमापेक्षा जास्त आवडतं.

माणसांच्या व्यवहारात मात्र आपला खोटा नियम चकित व्हावं इतका लागू पडतो. रूथ श्वार्ट्झ कोवन या इतिहासकार बाईंनी 1983 च्या ‘मोअर वर्क फॉर मदर’ या पुस्तकात अमेरिकेतल्या घरांचा असाच जमाखर्च मांडला. लोखंडी शेगडी आली तेव्हा सरपण कमी लागू लागलं, म्हणजे लाकडं फोडणाऱ्या पुरुषाचे श्रम वाचले. बाईच्या वाट्याला एका भांड्यातल्या रश्श्याऐवजी एकाच वेळी चार पदार्थ आले, वर शेगडी घासण्याचं कामही. पुढे धुलाईयंत्र आलं, तेव्हा बाहेर जाणारे कपडे घरात परतले. आपल्याकडे पाटा-वरवंटा सुटून मिक्सर आला, त्यानंतर ताटातल्या चटण्या किती वाढल्या हे ज्याने त्याने आठवावं. घरपोच सामान दहा मिनिटांत येतं तेव्हा आपली वाचलेली वीस मिनिटं दुचाकीवरचा पोरगा कुठून काढतो, हेही उघड आहे.

खरी खतावणी ठेवली ती पंचांगकर्त्यांनी. बारा चांद्रमासांचं वर्ष सुमारे 354 दिवसांचं, सूर्याचं 365 चं. दरसालची अकरा दिवसांची तूट साठते आणि साधारण 32-33 महिन्यांनी अधिक मास घालून ती फेडली जाते. जावयाला अनारसे मिळतात ते या थकबाकीपायी. आण्विक घड्याळवाल्यांनीही 1972 पासून तेच केलं: पृथ्वी अडखळत फिरते म्हणून 27 वेळा एकेक लीप सेकंद वाढवला. शेवटचा 2016 च्या अखेरीस. भारतात तेव्हा 1 जानेवारी 2017 उजाडला होता आणि पहाटेच्या 5:29:59 नंतर 5:29:60 वाजले. संगणकांना असला एकसष्टावा सेकंद झेपत नाही. म्हणून 2022 मध्ये ठरलं, की 2035 पर्यंत ही फेड बंद करून उधारी साठू द्यायची.

शंभर वर्षांत ती एखाद्या मिनिटाच्या आसपास भरेल, असा अंदाज आहे. यावर खगोलशास्त्रज्ञांनी बराच वाद घातला. मुंबईकराला त्याचं विशेष काही वाटू नये. 1906 मध्ये भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, ती मुंबईच्या स्वतःच्या वेळेच्या 39 मिनिटं पुढे होती. शहराने 1955 पर्यंत कुरकुरत आपली जुनी वेळही चालवली, मग सोडून दिली. इथे सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात बारा चाळीसच्या आसपास वाजलेले असतात आणि डबेवाले डबे पोचवून मोकळे झालेले असतात.