तीन मोसम, दोन विजेतेपदं आणि पहिलेपणाचा मान!

ऑस्ट्रेलियन फुटबॉलच्या मोठ्या लीगमध्ये जो जॉन्सन खेळला जेमतेम तीन मोसम. पण काय खेळला! वाचा त्याच्या छोट्याशा कारकिर्दीतल्या मोठ्या गोष्टी.

पहिला मान
१९०४ साली जॉन्सन मेलबर्नच्या फिट्झरॉय क्लबकडून उतरला आणि व्हिक्टोरियन फुटबॉल लीगमधला, नोंदींनुसार, पहिला अ‍ॅबोरिजिनल (मूळ रहिवासी) खेळाडू ठरला.

आल्या आल्या विजेता
त्याच वर्षी फिट्झरॉयने अंतिम सामन्यात कार्लटनला ६१-३७ असं हरवलं. १९०५ मध्ये कॉलिंगवूडला ३०-१७ असं नमवून विजेतेपद राखलं. दोन मोसम, दोन विजेतेपदं! १९०६ मध्येही संघ अंतिम फेरीत पोहोचला, पण या वेळी बाजी कार्लटनने मारली.

फुटबॉलमध्ये ६१ गुण?
हो! लंबगोल मैदान, लंबगोल चेंडू, दोन्हीकडे १८-१८ गडी आणि प्रत्येक टोकाला चार खांब. मधल्या दोन खांबांमधून चेंडू मारला की ६ गुण, बाजूच्या फटीतून गेला तर १. गोलरक्षक नाहीच! १९०५ च्या अंतिम सामन्यात फिट्झरॉयचे ४ गोल आणि ६ एकेरी गुण होते. करा बेरीज: बरोबर ३०.

जन्म क्रिकेटच्या पोटी
हिवाळ्यात क्रिकेटपटूंचं अंग आखडू नये, म्हणून टॉम विल्स या क्रिकेटपटूने १८५८ मध्ये वृत्तपत्राला पत्र लिहून फुटबॉल क्लब काढण्याची कल्पना मांडली. पुढच्याच वर्षी या खेळाचे नियम कागदावर आले.

काळ मात्र कठीण
१९०१ च्या ऑस्ट्रेलियन राज्यघटनेचं कलम १२७ सांगत होतं की, देशाची लोकसंख्या मोजताना मूळ रहिवाशांना धरायचं नाही. हे कलम गेलं थेट १९६७ च्या सार्वमताने. जॉन्सनने विजेतेपदं जिंकली ती अशा देशात!

५५ आणि ५४
जॉन्सन फिट्झरॉयकडून ५५ सामने खेळला. त्याच क्लबकडून १९३२ पासून ५४ सामने खेळले अ‍ॅबोरिजिनल खेळाडू डग निकल्स. त्याआधी कार्लटनमध्ये वर्णद्वेषापायी त्यांना टिकू दिलं गेलं नव्हतं. हेच निकल्स पुढे ‘सर’ झाले आणि १९७६ मध्ये साउथ ऑस्ट्रेलियाचे गव्हर्नरही!

पुढची पिढी तय्यार
फिट्झरॉयनंतर जॉन्सन ब्रन्सविक क्लबकडे गेला. त्याच्या पुढच्या पिढ्याही मोठ्या लीगमध्ये खेळल्या.

त्याच लीगच्या आजच्या रूपात, म्हणजे ऑस्ट्रेलियन फुटबॉल लीगमध्ये, दरवर्षी ‘सर डग निकल्स राउंड’ होतो आणि संघ मूळ रहिवाशांच्या चित्रकलेने सजलेल्या जर्सी घालतात. निकल्स यांना हा मान शोभतोच. पण त्यांच्या २८ वर्षं आधी फिट्झरॉयकडून उतरून दोन विजेतेपदं पटकावणाऱ्या जॉन्सनचं नावही तितक्याच अभिमानाने घेतलं जायला हवं.