मिरचीची जेली : गृहोद्योगासाठी एक निराळा पदार्थ

गृहोद्योग म्हटला की आपल्या भगिनींसमोर लोणची, पापड आणि मसाले हे तीनच पदार्थ उभे राहतात. या तिन्हींच्या बाजारात आता इतकी गर्दी आहे की नव्याने सुरुवात करणाऱ्याच्या हाती भाव कमी करण्याखेरीज दुसरे काही उरत नाही. म्हणून आम्ही आज एका निराळ्या पदार्थाची माहिती देत आहोत. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत मिरचीची जेली घरोघरी बनते. गोड, आंबट आणि मागून तिखट अशी तिची चव. तेथे ती मऊ चीज लावलेल्या बिस्किटावर घालून खातात. आपल्याकडे कबाब, समोसे, भाजलेली कोंबडी यांच्याबरोबर ती सहज खपावी, असे आमचे मत आहे.

या जेलीच्या अमेरिकन कृती हव्या तेवढ्या मिळतात. मात्र त्या जशाच्या तशा उचलू नयेत. मिरची, मग ती ढोबळी असो की लवंगी, चवीला झणझणीत असली तरी आंबट नसते. तिचा पीएच सर्वसाधारणपणे 4.6 च्या वर असतो. असा पदार्थ हवाबंद बाटलीत राहिला तर बोट्युलिझमचे विष तयार करणारे जिवाणू वाढू शकतात. हे विष डोळ्यांना दिसेल किंवा नाकाला कळेल असे नाही, आणि त्याने लकवा होऊन माणूस दगावू शकतो. जेलीत त्यापासून राखण करणारे दोनच पहारेकरी आहेत : आम्ल आणि साखर. अमेरिकन कृतीतले व्हिनेगर 5 टक्के आम्लाचे धरलेले असते. आपल्याकडे कायद्याने किमान 3.75 टक्के आम्ल पुरते आणि अनेक बाटल्यांवर 4 टक्के असे छापलेले असते. म्हणजे कृतीतले माप तंतोतंत घेतले तरी आम्ल पाचव्या हिश्श्याने, कधी चौथ्या हिश्श्याने कमी पडते. व्हिनेगर घेताना किमतीआधी हा आकडा वाचावा.

दुसरी अडचण पेक्टिनची. जेली घट्ट होते ती पेक्टिनमुळे. तेथे ते द्रवरूपात पाकिटात मिळते, आपल्याकडे किरकोळ दुकानात सहसा मिळत नाही. काही जण त्याऐवजी जिलेटिन वापरतात. ते जनावरांच्या हाडांपासून व कातड्यापासून बनते, पुष्कळदा डुकराच्याही. तेव्हा ते कोठून आले हे ठाऊक नसताना आपल्याला ते चालणारच नाही, आणि शाकाहारी गिऱ्हाईकही जाईल. पेक्टिन फळांतून येते, त्यामुळे हा प्रश्नच उद्भवत नाही. सुदैवाने आपल्या बाजारातला पेरू पेक्टिनने भरलेला आहे. कवठातही ते भरपूर असते, पण त्याची जेली तांबूस-तपकिरी होते. मिरचीचा रंग खुलायचा असेल तर पेरू बरा.

अर्धे पिकलेले पेरू चिरून ते बुडतील इतक्या पाण्यात अर्धा तास उकळावेत आणि मलमलच्या कापडात बांधून रात्रभर टांगून ठेवावेत. कापड पिळू नये, पिळल्यास जेली गढूळ होते. पडलेल्या 1 लिटर रसाला 750 ग्रॅम साखर आणि बारीक चिरलेली 50 ग्रॅमच्या आसपास मिरची लागते. मिरची पिकलेली, लालच घ्यावी. हिरवी मिरची आम्लात उकळली की तिचा रंग शेवाळासारखा मळकट होतो. तिखटपणा बियांत आहे असा समज आहे, पण तो मुख्यतः आतल्या पांढऱ्या शिरांत असतो. कमी तिखट हवी असल्यास त्या खरवडून टाकाव्यात. हातमोजे घालावेत आणि खिडकी उघडी ठेवावी, कारण मिरची उकळताना घरभर ठसका उठतो.

चिरलेली मिरची अर्ध्या वाटी व्हिनेगरमध्ये दोन-तीन मिनिटे उकळून रसात घालावी. मग साखर विरघळवावी आणि सायट्रिक आम्ल 5 ग्रॅमपासून सुरू करून थोडे थोडे वाढवावे. थंड केलेल्या थेंबाचा पीएच 3.0 ते 3.3 च्या दरम्यान आला पाहिजे. घरच्यापुरते असेल तर कागदी पट्टी चालेल, पण विकायचे असेल तर पीएच मीटरच घ्यावा. लसूण, कांदा किंवा तेल मनाने घालू नये, त्याने सारा हिशेब बिघडतो.

आच मोठी ठेवून उकळावे. जेली झाली हे ओळखण्यासाठी पुस्तकांत 104 ते 105 अंश सेल्सिअस लिहिलेले असते, ते समुद्रसपाटीचे. पुण्याला पाणीच 98 अंशांच्या आसपास उकळते. म्हणून आपल्या गावी पाणी जितक्या अंशांना उकळते त्याहून साडेचार अंश जास्त, हा नियम धरावा. पुण्याच्या गृहिणीने मुंबईचा आकडा गाठायचा प्रयत्न केला तर चिकट पाक हाती येईल. एका वेळी दुप्पट माल मात्र करू नये. मोठ्या पातेल्यात पाणी आटायला वेळ लागतो, तेवढ्यात पेक्टिन मोडते आणि जेली बसत नाही. खाली उतरवल्यावर पाच मिनिटे थांबून हलकेच ढवळावे, म्हणजे मिरचीचे तुकडे वर तरंगत नाहीत.

बाटलीच्या बाबतीत काटकसर नको. काच जुनी, स्वच्छ आणि न तडकलेली चालेल, झाकण मात्र नवे हवे, कारण त्याच्या आतला रबरी थर एकदाच नीट बसतो. उकळत्या पाण्यातून काढलेल्या गरम बाटलीत जेली तोंडापासून पाव इंच खाली भरावी, काठ पुसून झाकण लावावे आणि बाटल्या बुडतील इतक्या उकळत्या पाण्यात 10 मिनिटे ठेवाव्यात. भांड्याच्या तळाशी फडके घालावे, नाहीतर बाटल्या तडकतात. जेलीवर मेण ओतण्याची किंवा बाटली उलटी ठेवून मोकळे होण्याची जुनी पद्धत आता सुरक्षित मानत नाहीत. मेणाच्या कडेने बुरशी शिरते.

1 लिटर रसापासून 200 ग्रॅमच्या साधारण सहा बाटल्या भरतात. खर्च मांडताना साखर आणि पेरूवर थांबू नये. बाटली, झाकण, लेबल, गॅस आणि आपली मजुरी धरावी. बाटली-झाकणाचा खर्च आतल्या मालाच्या बरोबरीने येऊ शकतो, तेव्हा बाटल्या घाऊक बाजारातच घ्याव्यात. घरी बनवून विकणाऱ्यासही अन्न सुरक्षा कायद्याखाली एफएसएसएआयची नोंदणी लागते. लहान उद्योगासाठी ती सोपी आहे आणि अर्ज ऑनलाइन करता येतो. लेबलवर घटक, वजन, उत्पादनाची तारीख, बॅच क्रमांक, नोंदणी क्रमांक आणि शाकाहारी पदार्थाचे हिरवे चिन्ह छापावे. प्रत्येक बॅचचा पीएच वहीत लिहावा आणि एक बाटली आपल्याकडे राखून ठेवावी. ज्या बाटलीचे झाकण थंड झाल्यावर मध्ये दाबले जात नाही, तीच खाली-वर होते, ती विकू नये. फ्रिजमध्ये ठेवून घरीच संपवावी.