हस्तधारी गेमयंत्राचे संगणकावरील अनुकरण : महाविद्यालयीन प्रयोगशाळेच्या दृष्टीने

प्रस्तावना

महाविद्यालयीन संगणक प्रयोगशाळेत 'गेम' हा शब्द उच्चारला की बहुतेक प्राध्यापकांच्या कपाळावर आठी उमटते, आणि ती अगदीच अकारण नसते. तथापि गेली अनेक वर्षे आपल्या प्रयोगशाळांतून 'सी' भाषेची प्रात्यक्षिके ज्या आधारावर चालली, तो आधार मुळात खेळ खेळण्यासाठीच तयार झालेला होता, याकडे फारसे कोणाचे लक्ष गेलेले दिसत नाही. टर्बो सी हे डॉस काळातील साधन ६४ बिटांच्या विंडोजवर थेट चालत नाही. म्हणून आपण ते 'डॉसबॉक्स' या आज्ञावलीच्या आत चालवतो. डॉसबॉक्स ही २००२ साली प्रथम प्रसृत झालेली आज्ञावली जुने डॉस खेळ नव्या संगणकावर चालावेत म्हणून लिहिली गेली. ती एक एम्युलेटर आहे. म्हणजे निळ्या पडद्यावर पहिला 'हॅलो वर्ल्ड' लिहिणारा पाथर्डीचा, अकोल्याचा वा संगमनेरचा विद्यार्थी नकळत एका एम्युलेटरमध्येच बसलेला असतो.

प्रस्तुत लेखात हातात धरून खेळावयाच्या यंत्रांचे, विशेषतः गेम बॉय या यंत्राचे, अनुकरण संगणकावर कसे होते, त्यासाठी मांडणी कशी करावी, कायद्याची मर्यादा कोठे आहे आणि अध्यापनात त्याचा काय उपयोग होऊ शकतो, याचे विवेचन केले आहे. विवेचनाची दृष्टी अहिल्यानगर जिल्ह्यातील ग्रामीण महाविद्यालयांची आहे. तेथे सूक्ष्मप्रक्रियकाचे संच मोजके असतात, त्यातला एखादा बंद असतो आणि एका संचाभोवती पाचसहा विद्यार्थी उभे असतात.

संकल्पना

एम्युलेटर या शब्दाला 'अनुकारक' असा प्रतिशब्द सुचवता येईल. परंतु प्रयोगशाळेत तो कोणी उच्चारणार नाही, म्हणून येथे रूढ शब्दच ठेवला आहे. सिम्युलेटर आणि एम्युलेटर यांत भेद करणे मात्र आवश्यक आहे. सिम्युलेटर यंत्राचे वर्तन समजावे म्हणून त्याची प्रतिकृती दाखवतो. एम्युलेटर मूळ यंत्रासाठी लिहिलेली आज्ञावली, तिच्यातील एकही बाइट न बदलता, दुसऱ्या यंत्रावर चालवतो. आतील आज्ञावलीला आपण परक्या घरी आहोत याचा पत्ता लागू नये, हे त्याचे यश.

गेम बॉय हे निन्टेन्डो या जपानी कंपनीचे यंत्र एप्रिल १९८९ मध्ये जपानात बाजारात आले. आपल्याकडे त्या पिढीतील मुलांच्या हाती ते क्वचितच पडले; यात्रेतल्या खेळण्यांच्या दुकानात मिळणारा 'ब्रिक गेम' आणि टीव्हीला जोडावयाचा 'कॅसेट'वाला व्हिडिओ गेम हीच आपली ओळख. गेम बॉयची रचना आजच्या मानाने अगदी तुटपुंजी होती. ८ किलोबाइट कार्यस्मृती, चित्रांसाठी वेगळी ८ किलोबाइट स्मृती, १६० बाय १४४ बिंदूंचा पडदा आणि चार छटा. हा तुटपुंजेपणाच शिक्षकाच्या पथ्यावर पडतो. संपूर्ण यंत्र एका विद्यार्थ्याच्या डोक्यात मावते. आजच्या मोबाइलविषयी असे कोणीही म्हणू शकणार नाही.

एम्युलेटरचे काम एका आवर्तनात सांगता येते. स्मृतीतील पुढचा बाइट उचलावा, त्याचा अर्थ लावावा, त्यानुसार रजिस्टर किंवा स्मृती बदलावी, किती घड्याळ-ठोके खर्च झाले त्याची नोंद ठेवावी. खरी कसोटी या शेवटच्या बाबीत आहे. गेम बॉयच्या घड्याळाचे सेकंदाला ४१,९४,३०४ ठोके पडतात. पडद्याची एक ओळ काढण्यास ४५६ ठोके लागतात. दृश्य ओळी १४४ आणि त्यानंतर १० ओळींइतका विराम धरून एका चौकटीस ७०,२२४ ठोके होतात. भागाकार केला असता सेकंदाला सुमारे ५९.७ चौकटी येतात. एम्युलेटरने प्रक्रियक, चित्र आणि ध्वनी या तिघांना या एकाच ठेक्यावर चालवावे लागते. तबलजी आणि पेटीवाला यांचा मेळ चुकल्यावर जे होते तेच येथेही होते. आवाज तुटक येतो आणि चित्र थरथरते.

८०८५ चा चुलतभाऊ

आता प्राध्यापकवर्गाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाच्या मुद्द्याकडे वळू. इलेक्ट्रॉनिक्सच्या अभ्यासक्रमांत इंटेलचा ८०८५ दीर्घकाळ शिकवला गेला आणि अनेक ठिकाणी अजूनही शिकवला जातो. १९७६ चा हा प्रक्रियक १९७४ च्या ८०८० चा वारस होय. गेम बॉयमध्ये शार्प कंपनीने बनवलेला जो प्रक्रियक आहे तोही याच ८०८० च्या घराण्यातील असून त्यात झायलॉगच्या झेड-८० मधील काही आज्ञांची भर घातलेली आहे. ए, बी, सी, डी, ई, एच, एल ही रजिस्टरे दोघांतही तीच. इतकेच नव्हे तर अनेक आज्ञांचे संकेतांकही तेच आहेत.

उदाहरणार्थ, ३ई, ०५, ०६, ०३, ८० हे पाच बाइट घ्यावेत. ८०८५ च्या विद्यार्थ्यास ते परिचित आहेत : ए मध्ये ५ भरा, बी मध्ये ३ भरा, ए मध्ये बी मिळवा. हेच पाच बाइट गेम बॉयवर चालवले असता ए मध्ये ८ हेच उत्तर मिळते. सी३ म्हणजे उडी, सीडी म्हणजे उपकार्यास हाक, सी९ म्हणजे परत, ७६ म्हणजे थांबा; यांतही फरक नाही.

भेद कोठे आहेत हे पाहणे अधिक उद्बोधक आहे. गेम बॉयमध्ये चिन्ह आणि सम-विषमता दर्शवणारे फ्लॅग नाहीत. आयात-निर्यातीच्या डीबी आणि डी३ या आज्ञा नाहीत, कारण तेथे प्रत्येक उपकरण स्मृतीतील पत्त्यावरूनच हाताळले जाते. ३ए या बाइटाची गंमत तर वर्गात मुद्दाम दाखवावी अशी आहे. ८०८५ मध्ये ३ए, ५०, २० म्हणजे २०५० या पत्त्यावरील मूल्य ए मध्ये आणा; ही एकच तीन बाइटांची आज्ञा. गेम बॉयमध्ये मात्र ३ए ही एका बाइटाची वेगळीच आज्ञा आहे. त्यामुळे पुढील ५० हा पत्त्याचा भाग न राहता स्वतःच आज्ञा बनतो, आणि २० तर सशर्त उडी ठरून त्यापुढचा बाइटही गिळतो. 'बाइटाला स्वतःचा अर्थ नसतो, तो वाचणारा देतो' हे वाक्य वर्षानुवर्षे फळ्यावर लिहून जे समजत नाही, ते येथे दहा मिनिटांत समजते.

प्रत्यक्ष मांडणी

गेम बॉय, गेम बॉय कलर आणि गेम बॉय ॲडव्हान्स या तिन्ही यंत्रांसाठी 'एमजीबीए' हा मुक्त-स्रोत एम्युलेटर पुरेसा आहे. ४ जीबी स्मृतीच्या साध्या संगणकावर तो विनासायास चालतो. विंडोजसाठी त्याची संकुचित फाइल त्याच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्यावी. शोधयंत्रात वरच्या ओळीत दिसणाऱ्या अन्य 'मोफत डाउनलोड' पानांवरून नव्हे. ही फाइल डी ड्राइव्हवर उलगडली की काम होते. संगणकाच्या प्रशासकाचा पासवर्ड लागत नाही, ही ज्या महाविद्यालयात प्रयोगशाळा-सहायक आठवड्यातून दोनच दिवस भेटतो तेथे लहान सोय नाही.

मूळ यंत्रात सुरुवातीला चालणारी अंतर्गत आज्ञावली अर्थात बायॉस बाहेरून मिळवण्याचा सल्ला अनेक ठिकाणी दिलेला आढळतो. एमजीबीएला तिची गरज नाही. तिचे काम तो स्वतःच करतो. म्हणून ती शोधू नये. खेळाची फाइल 'जीबी', 'जीबीसी' किंवा 'जीबीए' या प्रत्ययाची असते आणि ती फाइल यादीतून उघडली की चालू होते. कळफलकावर बाणांच्या कळा दिशेसाठी, एक्स ही ए बटणासाठी, झेड ही बी बटणासाठी आणि एंटर ही प्रारंभासाठी मुळातच ठरवलेली असते. पाहिजे तशी ती बदलता येते. चित्र मोठे करताना पूर्णांक पटीनेच करावे, अन्यथा बिंदू वेडेवाकडे दिसतात. बाकी मांडणीला हात लावण्याची आवश्यकता सहसा पडत नाही.

जतन करण्याच्या दोन पद्धतींतील भेद विद्यार्थ्यांना सांगावा. खेळ स्वतः जी नोंद ठेवतो ती खेळाच्या फाइलशेजारी वेगळ्या फाइलीत राहते. मूळ कॅसेटमध्ये हेच काम छोट्या बॅटरीवर टिकणारी स्मृती करीत असे आणि ती बॅटरी संपली की नोंद जाई. दुसरी पद्धत संपूर्ण यंत्राची त्या क्षणीची स्थिती गोठवण्याची. शिफ्ट आणि एफ१ दाबले की सर्व रजिस्टरे, सर्व स्मृती, पडद्याची अर्धवट ओळ, सारे जसेच्या तसे जतन होते. नुसते एफ१ दाबले की तेथूनच पुढे सुरू. भारनियमनाच्या दिवसांत याचे मोल वेगळे सांगावयास नको. ज्या प्रयोगशाळेत संगणक पुन्हा सुरू होताच मूळ स्थितीत येतो तेथे ही फाइल पेनड्राइव्हवर ठेवावी.

अध्यापनासाठी खरे महत्त्व साधनांच्या यादीतील खिडक्यांना आहे. स्मृतीची खिडकी, चित्रतुकड्यांची खिडकी, आणि आज्ञा एकेक करून पुढे नेणारा डीबगर. विद्यार्थी एक पाऊल टाकतो आणि रजिस्टर बदलताना पाहतो. आज्ञावली लिहिण्यासाठी 'आरजीबीडीएस' हा मुक्त असेंब्लर आहे. ज्यांना असेंब्ली जड वाटते, किंवा जे कला शाखेचे आहेत, त्यांच्यासाठी २०१९ पासून उपलब्ध असलेला 'जीबी स्टुडिओ' आहे, ज्यात जवळजवळ काहीही न लिहिता खेळ रचता येतो.

प्लेस्टेशन पोर्टेबलसाठी 'पीपीएसएसपीपी' हा एम्युलेटर २०१२ पासून उपलब्ध आहे. ते यंत्र पुष्कळच गुंतागुंतीचे असल्याने प्रारंभीच्या वर्गास त्याची शिफारस करता येत नाही.

कायद्याची मर्यादा

एम्युलेटर ही आज्ञावली स्वतः बेकायदा नाही. अमेरिकेत सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या २००० सालच्या निर्णयात अपील न्यायालयाने एम्युलेटर बनवण्यासाठी केलेला मूळ आज्ञावलीचा अभ्यास न्याय्य वापर मानला. आपल्याकडे स्वामित्वहक्क कायदा, १९५७ यानुसार संगणकीय आज्ञावली ही साहित्यकृतींत गणली जाते. कलम ५२(१) मधील (एए) हे उपकलम कायदेशीर प्रत बाळगणाऱ्यास नाश वा हानीपासून संरक्षणासाठी तात्पुरती राखीव प्रत करण्याची मुभा देते. (एसी) हे उपकलम आज्ञावलीमागील कल्पना व तत्त्वे जाणण्यासाठी तिचे निरीक्षण व अभ्यास करण्यास परवानगी देते, तर (एडी) वैयक्तिक, अव्यापारी वापरासाठी स्वतः कायदेशीररीत्या मिळवलेल्या प्रतीवरून प्रत करण्यास.

या तिन्ही सवलतींचा पाया 'कायदेशीर प्रत' हाच आहे. संकेतस्थळावरून उतरवलेला व्यापारी खेळ यात बसत नाही. 'आता तो कोठे विकत मिळत नाही', 'फार जुना आहे' ही कारणे विद्यार्थी नेहमी देतात. संरक्षणाची मुदत लेखकाच्या हयातीनंतर ६० वर्षे असल्याने १९८९ चा खेळ केवळ वयामुळे मुक्त झालेला नाही. काही सहकारी दिल्ली विद्यापीठाच्या छायाप्रतींविषयीच्या २०१६ च्या निर्णयाचा दाखला देतात. तो अभ्यासक्रमातील वाचनसाहित्याविषयी होता. तो खेळांच्या डाउनलोडपर्यंत ताणणे प्रस्तुत लेखकास धाडसाचे वाटते. शिवाय २०१२ च्या दुरुस्तीने आलेल्या ६५ए या कलमाने हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण मोडणे हाही गुन्हा ठरवला आहे.

तरीही या प्रश्नाची दुसरी बाजू दुर्लक्षून चालणार नाही. २००९ साली हैदराबादच्या गेमशास्त्र या कंपनीने 'देसी अड्डा' हा खेळ केला. विटीदांडू, गोट्या, पतंग, कबड्डी अशा आपल्या अंगणातील खेळांचा हा संग्रह प्लेस्टेशन पोर्टेबलसाठीही आला. ज्या छोट्या तबकडीवर ते खेळ येत, ती वाचणारी यंत्रे बनणे केव्हाच थांबले आहे. विटीदांडूवर प्रबंध लिहिणाऱ्या उद्याच्या संशोधकास हा पुरावा पाहावयाचा झाल्यास एम्युलेटरवाचून दुसरा सुलभ मार्ग नसेल. ग्रंथालयांनी पोथ्या जपल्या तशी ही तबकडी जपावी की नाही, याचे उत्तर आपल्या ग्रंथालयशास्त्राच्या विभागांकडून अपेक्षित आहे.

महाविद्यालयापुरता मार्ग सरळ आहे. ज्यांच्या कर्त्यांनी स्वतः मोफत वाटण्यास परवानगी दिली आहे असेच खेळ ठेवावेत. उदाहरणार्थ २०१७ चे 'टोबू टोबू गर्ल' आणि 'मायक्रो सिटी'. दुसरे, विद्यार्थ्यांनी केलेले खेळ ठेवावेत. याचा आणखी एक लाभ असा की पेनड्राइव्हमधून येणाऱ्या खेळांबरोबर येणारे व्हायरस बाहेर राहतात.

देवनागरीचा प्रश्न

विद्यार्थ्यांनी केलेला खेळ मराठीत असावा असे वाटणे स्वाभाविक आहे, आणि येथेच खरा अभ्यास सुरू होतो. गेम बॉयचा पडदा ८ बाय ८ बिंदूंच्या चौकोनी तुकड्यांनी भरलेला असतो. आडवे २० आणि उभे १८, एकूण ३६०. एका तुकड्यास १६ बाइट लागतात. रोमन अक्षर एका तुकड्यात बसते. देवनागरीस शिरोरेषा हवी, तिच्यावर वेलांटी, मात्रा, अनुस्वार हवेत, खाली उकार हवा. आठ बिंदूंच्या उंचीत हे बसवू गेल्यास 'घ' आणि 'ध' एकच दिसतात. म्हणून एका अक्षरासाठी १६ बाय १६ बिंदू, म्हणजे चार तुकडे धरावे लागतात.

'अहिल्यानगर' हा शब्द घेऊ. अ, हि, ल्या, न, ग, र अशी सहा अक्षरे, चोवीस तुकडे, ३८४ बाइट. यंत्राला जोडाक्षर कळत नाही. 'ल्या' हे चित्र आपणच काढून द्यावे लागते. 'हि' मधील वेलांटी उच्चारात नंतर येते, पण चित्रात आधी. तेही आपणच पाहावे लागते. पार्श्वभूमीसाठी एका वेळी २५६ निरनिराळे तुकडे वापरता येतात, म्हणजे चित्रासाठी एकही न ठेवता फार तर ६४ अक्षरे. आपली बाराखडीच चारशेच्या पुढे जाते, जोडाक्षरे वेगळीच. अर्थात प्रत्येक दृश्यापूर्वी त्या दृश्यातील वाक्यांत कोणती अक्षरे येतात ते मोजून तेवढीच चित्रस्मृतीत भरावी लागतात, आणि ती चित्रे भरण्यासाठी पडद्याच्या दहा ओळींइतका तो विराम वापरावा लागतो.

हे मोजण्याचे काम मराठी विभागाच्या सहकाऱ्याबरोबर करावे. एकाच वाक्यासाठी कमी अक्षरांचा पर्यायी शब्द सुचवणे त्यांना अधिक चांगले जमते. वहीत नोंदवावयाच्या तीनच गोष्टी पुरतात : दृश्यातील भिन्न अक्षरांची संख्या, त्यांना लागलेले तुकडे आणि विरामात मावले नाहीत असे किती उरले.