हंसाबाईंची कामं

आमच्या विजयदुर्गाकडच्या जत्रांत दशावतार रंगतो तो पुरुषांच्या जिवावर. राणी असो की दासी, लुगडं नेसून उभा राहतो तो पुरुषच. याच जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, सावंतवाडीत, मूळ असलेल्या घराण्यातली एक मुलगी 1936 साली, तेराव्या वर्षी, कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. ‘विजयाची लग्ने’ हा तो चित्रपट. रतन साळगावकर हे तिचं नाव. पडद्यावर ती हंसा वाडकर झाली.

हौस म्हणून नव्हे, घरात पैसे यावेत म्हणून ती या धंद्यात आली आणि पुढे जन्मभर मिळवती राहिली. बॉम्बे टॉकीजमध्ये काम करून ती प्रभातमध्ये गेली. 1941 च्या ‘संत सखू’त तिने सासुरवास सोसणारी, पंढरीचा ध्यास घेतलेली सखू केली. तेव्हा ती अवघी अठरा वर्षांची होती.

सहा वर्षांनी, शांतारामबापूंच्या राजकमलच्या ‘लोकशाहीर रामजोशी’त तीच बाई तमाशाच्या फडावर बया होऊन उभी राहिली. समोर जयराम शिलेदारांचा रामजोशी, गीतं माडगूळकरांची, संगीत वसंत देसाईंचं. सवाल-जवाबात तिची मान किंचित तिरकी होते, नजर समोरच्यावर ठरते आणि शब्द संपला तरी डाव तिच्याच हातात राहतो. पदराआड वावरणारी सखू आणि ही बया एकाच नटीच्या, हे पाहिल्याशिवाय पटत नाही. मराठी तमाशापटांची लाट या चित्रपटापासून उसळली. 1950 च्या ‘पुढचं पाऊल’मध्ये पु. ल. देशपांड्यांबरोबर ती होती. 1959 साली तिचं काम असलेला अनंत मान्यांचा ‘सांगत्ये ऐका’ आला आणि पुण्याच्या विजयानंदमध्ये 131 आठवडे चालला.

त्याच काळात मॉस्कोत सोव्हिएत नटी फाइना रानेव्हस्काया रंगभूमीवर आणि पडद्यावर म्हातारपणापर्यंत कामं करत होती. तिथे सरकारी नाट्यगृहाचा पगार होता, सरकारचा जाचही होता. इकडे प्रभातसारख्या कंपन्यांची पगारी पद्धत मोडल्यावर नटनट्यांच्या वाट्याला एकेका चित्रपटाचं कंत्राट आलं. काम नसेल तर चूल थंड. हंसाबाईंच्या उतरणीच्या वर्षांबद्दल बोलताना लोक दारूचं आणि संसाराचं सांगतात, या असुरक्षिततेचं सांगत नाहीत.

‘माणूस’ साप्ताहिकातून आलेलं, अरुण साधूंनी शब्दांकन केलेलं त्यांचं आत्मकथन 1970 साली पुस्तकरूपात आलं. नाव ‘सांगत्ये ऐका’च. काहीही न झाकता एवढं बोललेली नटी मराठीत त्याआधी नव्हती. त्यानंतर थोड्याच काळात त्या गेल्या. 1977 मध्ये श्याम बेनेगलांनी त्या पुस्तकावरून ‘भूमिका’ केला आणि स्मिता पाटीलला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपट मोठाच आहे. पण तेव्हापासून हंसा वाडकर म्हटलं की डोळ्यांपुढे स्मिताचा चेहरा येतो, आणि बोलणं होतं ते हंसाबाईंच्या दुःखांचं. त्यांच्या कामाचं माप कुणी घेत नाही. मला हा अन्याय वाटतो. सोसलेल्या बाया पुष्कळ असतात. सखू आणि बया दोन्ही पेलणारी नटी एखादीच.

पुस्तक वाचलं असेल तर उत्तम. आता ‘संत सखू’ आणि ‘रामजोशी’ लागोपाठ पाहा, याच क्रमाने.