अपघाताची भरपाई न्यायालय कशी ठरविते?

बेळगावहून खानापूर, रामनगर करीत अनमोडच्या घाटाने गोव्यास उतरणारा रस्ता आपल्या परिचयाचा आहे. अशा रस्त्यावर अपघात होऊन कोणाचा हात वा पाय निकामी झाला, म्हणजे चार वडीलधारी माणसे जमतात आणि मिळेल ती रक्कम घेऊन प्रकरण मिटवावे, असा सल्ला देतात. त्यांचा हेतू चांगलाच असतो; परंतु जखमी मनुष्यास कायद्याने काय मिळू शकते, याची कल्पना बहुधा कोणासच नसते. म्हणून हा हिशेब आज समजावून घेऊ.

१९८८ च्या मोटार वाहन कायद्याप्रमाणे असे दावे मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे चालतात. भरपाई ‘न्याय्य’ असावी, एवढेच कायदा सांगतो. ती दया नव्हे आणि बक्षीसही नव्हे. गेलेला पाय पैशाने परत येत नाही. पण पैशाने जेवढी हानी भरून निघण्याजोगी आहे तेवढी भरून द्यावी, हे त्यामागील तत्त्व होय.

या हानीचे दोन भाग पडतात. पहिला पैशांत मोजता येणारा : औषधोपचार, इस्पितळाच्या खेपा, शुश्रूषेस ठेवलेला माणूस, अंथरुणावर असताना बुडालेली मजुरी आणि पुढील आयुष्यात घटणारी कमाई. दुसरा भाग पैशांत न मोजता येणारा : सोसलेल्या वेदना आणि जीवनातील हिरावलेला आनंद. त्याचा अंदाज न्यायाधीश तारतम्याने करतात.

खरा वाद होतो तो पुढील कमाईवर. डॉक्टरांनी साठ टक्के अपंगत्व लिहून दिले, म्हणजे कमाईही साठ टक्के बुडाली असे समजावयाचे काय? सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली राजकुमार खटल्यात ‘नाही’ असे उत्तर दिले. डावा हात गेलेला मनुष्य मोटारचालक किंवा सुतार असेल, तर त्याची कमाई जवळजवळ पूर्णच बुडते. तोच सरकारी कचेरीतील कारकून असेल, तर त्याची नोकरी टिकूही शकते. अवयव एकच, हानी मात्र वेगळी. म्हणून न्यायालय अवयवाची किंमत करीत नाही. त्या अवयवावाचून त्या माणसाचे किती अडते, ते पाहते.

आता आकडेमोड पाहू. समजा, तीस वर्षांचा एक गवंडी महिना १५,००० रुपये मिळवीत होता. वर्षाचे झाले १,८०,०००. चाळिशीच्या आतील स्वतंत्र धंदेवाल्याच्या उत्पन्नात पुढील वाढीपोटी ४० टक्के, म्हणजे ७२,००० मिळवावयाचे, एकूण २,५२,०००. वयाप्रमाणे गुणक ठरतो. तिसाव्या वर्षी तो १७ असतो. गुणाकार आला ४२,८४,०००. कमाईची शक्ती निम्मी गेली असे ठरले, तर या एका बाबीपोटी २१,४२,००० रुपये होतात. औषधोपचाराचा खर्च आणि वेदनांपोटीची रक्कम त्याहून निराळी.

मात्र यातील प्रत्येक आकड्यास पुरावा लागतो. समोरील वाहनचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो. जखमी मनुष्याचा स्वतःचा दोष चौथाई ठरला, तर रक्कमही चौथाईने घटते. म्हणून पोलिसांत फिर्याद नोंदवावी. औषधांच्या पावत्या, इस्पितळाची कागदपत्रे आणि मजुरीचा जो लेखी आधार असेल तो जपावा. अपंगत्वाचा दाखला देणाऱ्या डॉक्टरांची साक्षही महत्त्वाची असते. ज्यांना दोष सिद्ध करण्याच्या खटपटीत पडावयाचे नसेल, त्यांना जबर दुखापतीबद्दल अडीच लाख रुपयांच्या ठराविक भरपाईचा दुसरा मार्ग २०२२ पासून खुला आहे.

आपल्या सीमाभागातील लोकांनी आणखी एक गोष्ट ध्यानी ठेवावी. अपघात गोव्यात वा महाराष्ट्रात झाला, तरी दावा आपण राहतो त्या भागातील न्यायाधिकरणात, म्हणजे आपल्या बेळगाव जिल्ह्यातच, दाखल करता येतो. परमुलखात खेटे घालावे लागतील या भीतीने हक्क सोडून देण्याचे कारण नाही. विलंब मात्र करू नये. २०१९ च्या दुरुस्तीने दाव्यास सहा महिन्यांची मुदत घातली आहे.

तेव्हा तडजोडीच्या कागदावर सही करण्यापूर्वी हा हिशेब एकदा मांडून पाहावा, आणि तो आपणास जमत नसेल तर वकिलाकडून मांडून घ्यावा. जखमी मनुष्यास उरलेले आयुष्य त्याच रकमेवर काढावयाचे असते.