पाठीवरचे वळ

सकाळी साडेसहा. चहाबरोबर ‘श्यामची आई’तलं पोहण्याचं प्रकरण पुन्हा वाचते. मालिकेचा हा एपिसोड आज जायलाच हवा. साने गुरुजींनी हे पुस्तक १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलं. १९५० साली ते गेले. लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी स्वामित्वहक्क संपतो, त्यामुळे परवानगी कोणाचीच लागली नाही. म्हणून वाट्टेल ते करायची मुभा मिळते, असं मात्र मी मानत नाही.

आठ ते अकरा. फोन बंद. पुस्तकात मोठा झालेला श्याम आश्रमातल्या मित्रांना रोज रात्री आईच्या आठवणी सांगतो. पडद्यावर कोणी सतत सांगत राहिलं की मुलं उठून जातात. श्यामच्या मनातली पाण्याची भीती हातापायांत उतरवावी लागते. माळ्यावर अंग चोरून बसलेला श्याम, खालून आईची हाक, विहिरीकडून पोरांचा कालवा. अत्र्यांनी १९५३ साली याच पुस्तकावर चित्रपट केला आणि त्याला राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळालं. माझ्या हाती २२ मिनिटं आहेत, त्यात जाहिरातींसाठी तोडायच्या जागा.

सव्वाअकरा. क्रिएटिव्हचा फोन. “ताई, आईच्या हातात शिंपटी नको ना. समजावून सांगू दे तिला.”

तिचं म्हणणं मी उडवून लावत नाही. मुलांना मारणं मलाही पटत नाही. पण आईनं नुसतं समजावलं, तर श्यामचा नंतरचा रुसवा कशासाठी? आणि त्याच्या पाठीवरचे वळ पाहून तिच्या डोळ्यांत पाणी येतं, ते कुठून आणायचं? माझ्या मते हे सगळं प्रकरण त्या पाण्यासाठीच आहे.

दुपारी दोन. संवाद. बालकलाकाराला कायद्यानं दिवसाला पाच तासांहून जास्त काम देता येत नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर तर नाहीच. म्हणून श्याम नसलेले शॉट वेगळे काढून लिहिते: पोरांच्या उड्या, कमरेला बांधलेले वाळके भोपळे.

पाच. सोसायटीतल्या मुलांना एपिसोड वाचून दाखवते. माराबद्दल कोणीच काही बोललं नाही. एका मुलीनं विचारलं, “मग आईनं नंतर सॉरी म्हटलं का?”

साडेसात. तिच्या प्रश्नानं गाठ सुटली. शिंपटी दाराआड ठेवली, नुसता आवाज. मारानंतरचा, दुपारचा प्रसंग वाढवून तीन मिनिटांचा केला. आई जवळ येऊन बसते. श्याम तोंड फिरवतो आणि न बोलता सदरा वर करतो. तिचा हात वळाला लागताच तो कळवळतो, हात तिथेच थांबतो. मग ती बोलते: आपला मुलगा भित्रा ठरू नये म्हणून मारलं. त्याआधी एकही संवाद नाही, पार्श्वसंगीतही नको, असं कंसात लिहिलंय.

नऊ. मेल गेली. लगेच फोन. “वळ दाखवायचे?”

“अगं, वळच दाखवायचे.”

ती थोडा वेळ गप्प राहिली आणि हो म्हणाली. उद्या पत्रावळीचा एपिसोड. श्याम करणाऱ्या मुलाला पानं टाचायला कोण शिकवणार, हे सकाळीच कलादिग्दर्शकाला विचारायला हवं.