मेल सर्व्हरची ट्रायल घेताय? आधी हे तपासा

ऑफिससाठी स्वतःचा मेल सर्व्हर घ्यायचा असेल, तर ट्रायल नुसते मेनू बघण्यात घालवू नका. मायक्रोसॉफ्ट एक्स्चेंज सर्व्हरला तर तब्बल 180 दिवस मिळतात! मुख्य डोमेनला हात न लावता सबडोमेनवर सेटअप करा. जीमेलला मेल पाठवून तिथे ‘शो ओरिजिनल’ उघडा. एसपीएफ, डीकेआयएम, डीमार्क या मेल खरंच तुमच्याच डोमेनवरून आला का हे तपासणाऱ्या तिन्ही चाचण्यांसमोर ‘पास’ दिसलंच पाहिजे, नाहीतर तुमची कोटेशन्स स्पॅममध्ये जाऊन पडू शकतात.

माझ्या मते सगळ्यात मोठी परीक्षा पुढेच आहे. टेस्टचा एक भरलेला मेलबॉक्स मुद्दाम डिलीट करा आणि बॅकअपमधून परत आणा. फोल्डर, कॅलेंडर, कॉन्टॅक्ट जसेच्या तसे आले का? वेळ किती लागला? सपोर्टलाही एखादा अवघड प्रश्न विचाराच. रिस्टोअर धड होत नसेल, तर ते सॉफ्टवेअर घेऊ नका.